फत्तेलाल, साहेबमामा

(१८८६–१९६४). भारतीय चित्रपटाच्या मूक व आरंभीच्या बोलपट कालखंडातील एक श्रेष्ठ कलादिग्दर्शक आणि दिग्दर्शक. मूळ नाव शेख फत्तेलाल. तथापि चित्रपटव्यवसायात ते साहेबमामा ह्या नावानेच ओळखले जात. त्यांचा जन्म कोल्हापूरजवळील कागल येथे एका कारागीर मुस्लिम कुटुंबात झाला. ‘प्रभात फिल्म कंपनी’च्या पाच संस्थापक भागीदारांपैकी ते एक होते. विष्णुपंत दामले ह्यांच्यासह त्यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘संत तुकाराम’ (१९३६) ह्या बोलपटामुळे त्यांचे नाव जागतिक चित्रपटाच्या इतिहासात नोंदले गेले. मात्र त्या नावामागील मनुष्याने त्यापूर्वी दोन तपांहून अधिक काळ पडदे रंगविणे, भिंती उभारणे, मूर्ती घडविणे व चित्रीकरण संपले की त्या मोडून टाकणे, हेच काम केले होते, ही गोष्ट बहुधा विस्मरणात जाते. प्रभातचा इतिहास व्ही. शांताराम ह्यांच्या नावाभोवती गुंफण्याची प्रथा पडल्यामुळे तर हे विस्मरण अधिकच गडद झाले आहे. कलादिग्दर्शकाचा दिग्दर्शक होतो तेव्हा नेमके काय बदलते, ह्या प्रश्नाचे भारतीय चित्रपटातील सर्वांत बोधप्रद उत्तर फत्तेलाल ह्यांच्या कारकीर्दीत सापडते.

फत्तेलाल ज्या वातावरणात वाढले, ते राजर्षी शाहू महाराजांच्या आश्रयाने बहरलेल्या कोल्हापूरचे होते. गायक, मल्ल, नट आणि चित्रकार ह्यांना त्या संस्थानात मान होता. आबालाल रहिमान ह्यांच्यासारखा असामान्य चित्रकार तेथे काम करीत होता, आणि मराठी संगीत रंगभूमीच्या वैभवकाळामुळे नाटकमंडळ्यांकडून रंगविलेल्या पडद्यांना सतत मागणी होती. आनंदराव व बाबूराव मिस्त्री हे दोघे बंधू ह्या कामात अग्रेसर होते. व्यवसायावरून ‘पेंटर’ हेच त्यांचे आडनाव रूढ झाले. जंगल, राजवाडा, रस्ता, कैलास असे ठरीव देखावे सरसात कालविलेल्या रंगांनी मोठमोठ्या कापडांवर उतरवायचे, खांबांच्या ओळी व फरसबंदी ह्यांना यथादर्शनाच्या नियमांनी खोली द्यायची, आणि गॅसबत्त्यांच्या उजेडात शेवटच्या रांगेतील प्रेक्षकालाही तो राजवाडा खरा वाटावा अशी हातचलाखी साधायची, हे ह्या विद्येचे स्वरूप. पेंटर बंधूंच्या ह्या कारखान्यातच फत्तेलाल ह्यांची घडण झाली. पेण येथे जन्मलेले विष्णुपंत दामले (१८९२–१९४५) हेही तेथेच आले आणि पुढे दोघांची जोडी आयुष्यभर टिकली. औपचारिक कलाशिक्षणाची जागा ह्या पिढीत उस्तादाच्या हाताखाली केलेल्या उमेदवारीने घेतली होती. तिचा फायदा असा, की चित्रकला, सुतारकाम, मूर्तिकाम आणि यंत्रांची दुरुस्ती ह्यांच्यातील भिंती त्यांच्या मनात कधी उभ्याच राहिल्या नाहीत.

दादासाहेब फाळके ह्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ने (१९१३) भारावलेल्या पेंटर बंधूंनी स्वतःच चित्रपट काढण्याचा ध्यास घेतला. आनंदरावांचे १९१६ मध्ये अकाली निधन झाले. बाबूरावांनी मात्र जिद्द सोडली नाही व दामले ह्यांच्या साहाय्याने चित्रीकरणाचा कॅमेरा कोल्हापुरातच तयार केला. तानीबाई कागलकर ह्या गायिकेने दिलेल्या भांडवलावर ‘महाराष्ट्र फिल्म कंपनी’ उभी राहिली, आणि तिचा ‘सैरंध्री’ हा पहिला चित्रपट १९२० मध्ये पुण्यास प्रदर्शित झाला.

ह्या कंपनीत जे घडले, त्याचे महत्त्व फत्तेलाल ह्यांच्या दृष्टीने मूलभूत आहे. नाटकाचा प्रेक्षक एका बाजूस आणि ठरावीक अंतरावर बसलेला असतो. म्हणून रंगविलेली खोली त्याला पुरते. कॅमेरा मात्र जवळ जातो, बाजूने पाहतो, आणि कापडावरील खांबाची सावली व त्याच्यापुढे उभ्या असलेल्या नटाची सावली ह्यांच्या दिशा जुळत नाहीत, हे निर्दयपणे उघड करतो. बाबूराव पेंटर हे स्वतः पडदे रंगविण्यात निष्णात. तरी, किंवा कदाचित म्हणूनच, चित्रपटातून रंगीत पडदा हद्दपार करून त्याच्या जागी लाकूड, बांबू, तरट व गिलावा ह्यांचे घन देखावे उभारण्याचा आग्रह त्यांनी धरला. हे देखावे प्रत्यक्षात उभे करणाऱ्या हातांमध्ये फत्तेलाल ह्यांचे हात प्रमुख होते. रंगांचे प्रश्नही नवेच होते. त्या काळच्या फिल्मवर तांबडा रंग काळपट व निळा रंग पांढुरका उमटे. त्यामुळे भिंतीला कोणता रंग द्यायचा हे डोळ्यांना काय दिसते त्यावरून नव्हे, तर फिल्मला काय दिसेल त्यावरून ठरवावे लागे. चित्रकाराने आयुष्यभर जपलेली रंगांची जाण बाजूला ठेवून केवळ छायाप्रकाशाच्या पायऱ्यांत विचार करण्याची ही शिस्त पुढे फत्तेलाल ह्यांच्या सर्व कामात दिसते.

महाराष्ट्र फिल्म कंपनीत ‘सिंहगड’ (१९२३), ‘कल्याण खजिना’ (१९२४) व ‘सावकारी पाश’ (१९२५) असे गाजलेले चित्रपट निघाले. ह्याच कंपनीच्या ‘महारथी कर्ण’ (१९२८) ह्या मूकपटाचे दिग्दर्शन दामले-फत्तेलाल ह्यांनी प्रथमच एकत्रितपणे केले. त्या संस्थेच्या चित्रपटांचे आज फारच थोडे अवशेष उरले असल्याने ह्या पदार्पणाविषयी चित्रपट पाहून मत देण्याची सोय राहिलेली नाही. परंतु एवढे खरे, की ‘संत तुकाराम’ हा एका कलादिग्दर्शकाचा अचानक घडलेला चमत्कार होता, हा समज बरोबर नाही. तसेच पडदे रंगविणाऱ्याने दिग्दर्शक होणे ही गोष्टही कोल्हापुरास नवीन नव्हती; गुरूंनीच तो मार्ग घालून दिलेला होता. फरक होता तो वृत्तीचा. बाबूराव हे सर्वस्वी एकहाती कलावंत होते. चित्रपट त्यांच्या मनात चित्रांच्या मालिकेप्रमाणे पूर्ण तयार असे, आणि सहकाऱ्यांनी तो फक्त साकार करायचा असे. फत्तेलाल ह्यांनी मात्र दिग्दर्शन जवळजवळ नेहमीच दुसऱ्याच्या सोबतीने केले.

कंपनीत मतभेद वाढल्यावर शांताराम, दामले, फत्तेलाल व केशवराव धायबर हे बाहेर पडले, आणि कोल्हापूरचे सीतारामपंत कुलकर्णी ह्यांच्या आर्थिक पाठबळावर १ जून १९२९ रोजी प्रभात फिल्म कंपनीची स्थापना झाली. कामाची वाटणी अशी होती : दिग्दर्शन शांताराम ह्यांचे, कॅमेरा धायबर ह्यांचा, ध्वनिमुद्रण व व्यवस्था दामले ह्यांची आणि कलाविभाग फत्तेलाल ह्यांचा. ‘गोपालकृष्ण’पासून सहा मूकपट काढून प्रभात बोलपटाकडे वळली व ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) हा बोलपट तिने मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत तयार केला. ह्यानंतर ‘माया मच्छिंद्र’ (१९३२), ‘सिंहगड’ (१९३३) आणि कंपनी १९३३ मध्ये पुण्यास आल्यानंतरचा ‘अमृतमंथन’ (१९३४) ह्या चित्रपटांनी प्रभातचे देखावे देशभर प्रसिद्ध झाले. ‘अमृतमंथन’मधील चंडिकेचे मंदिर, त्यातील प्रचंड मूर्ती, मशालींच्या उजेडात हलणाऱ्या सावल्या आणि त्या सावल्यांतून पुढे येणारा राजगुरूचा डोळा हे सारे प्रेक्षकांच्या स्मरणात राहिले. शांताराम ह्यांच्या प्रतिभेचा तो एक विलास खराच; परंतु त्या मंदिराचे खांब किती जाड असावेत, देवीचा हात किती उंचीवर असावा आणि पुजारी तिच्यापुढे किती लहान दिसावा, ही मोजमापे दुसऱ्या कोणाच्या तरी हातातील होती. अशा वेळी श्रेय नेमके कोणाचे, हा प्रश्न सुटत नाही आणि सोडविण्याचा हट्टही धरू नये. मात्र प्रश्न आहे, एवढे तरी मान्य व्हावयास हवे.

येथे बोलपटाच्या तंत्राविषयी थोडे सांगणे आवश्यक आहे, कारण दामले-फत्तेलाल ह्या जोडीचे मर्म त्यात आहे असे प्रस्तुत लेखकास वाटते. ध्वनी आल्याबरोबर देखावा ही केवळ पाहण्याची वस्तू राहिली नाही. गुळगुळीत कठीण भिंतीवरून आवाज परततो, पोकळ लाकडी जमिनीवर पावले ढोलासारखी वाजतात, उंच छतामुळे संवाद घुमतो. त्या काळच्या ध्वनिग्राहकाला नटाच्या जवळ राहणे भाग असे, व तो कॅमेऱ्यापासून लपविण्याची जागा देखाव्यातच योजावी लागे. म्हणजे ध्वनिमुद्रक आणि देखावे बांधणारा ह्या दोघांना प्रत्येक भिंतीविषयी एकमेकांशी बोलल्यावाचून गत्यंतर नव्हते. प्रभातमध्ये ही दोन माणसे एकाच उस्तादाच्या तालमीतून निघालेली, एकाच वेळी भागीदार झालेली आणि स्वभावाने सारखीच मितभाषी होती. संस्थेत दोघांनाही ‘मामा’ म्हणूनच संबोधीत. एक ऐकणारा आणि एक पाहणारा अशा दोघांनी मिळून चित्रपट दिग्दर्शित करावा, ही कल्पना बाहेरच्यांना विचित्र वाटली असेल. परंतु त्यांचे काम आधीपासूनच तसे चालले होते.

‘संत तुकाराम’ हा चित्रपट १२ डिसेंबर १९३६ रोजी मुंबईच्या सेंट्रल चित्रपटगृहात प्रदर्शित झाला व तेथे सत्तावन आठवडे चालला. कथा-संवाद शिवराम वाशीकर, संगीत केशवराव भोळे, गीते शांताराम आठवले, छायालेखन व्ही. अवधूत. तुकारामांची भूमिका विष्णुपंत पागनीस ह्यांनी केली. एके काळी रंगभूमीवर स्त्रीभूमिका करणारा हा नट त्या वेळी नाटकापासून दूर जाऊन भजनात रमलेला होता. आवलीच्या भूमिकेसाठी निवडलेली गौरी ही तर कंपनीत किरकोळ कामे करणारी, चेहरा-रंगांचा संस्कार नसलेली स्त्री होती. नायकाच्या भूमिकेत भजनकरी आणि नायिकेच्या भूमिकेत कष्टकरी स्त्री, ही निवड करण्यास जो आत्मविश्वास लागतो, तो नटांना चेहऱ्यावरून नव्हे, तर त्यांच्या बसण्या-उठण्यावरून, हातापायांच्या ठेवणीवरून पारखणाऱ्या नजरेतून येतो. चित्रकाराची नजर ती हीच.

ह्या चित्रपटासाठी प्रभातच्या पुण्यातील आवारात देहू गाव उभे केले गेले. पूर्वीच्या प्रभातपटांतील वैभवाची सवय असलेल्या प्रेक्षकाला ह्या गावात पाहण्याजोगे असे काहीच नाही, आणि हीच ह्या देखाव्याची थोरवी होय. मातीच्या भिंती सरळ नाहीत. वापराने झिजून त्यांचे कोपरे गोल झाले आहेत. घराचे दार इतके ठेंगणे, की आत जाणाऱ्याला मान लववावी लागते. चूल, जाते, उखळ, पाण्याची भांडी ह्यांची जागा सजावटीच्या विचाराने ठरलेली नसून कामकरी बाईचा हात कोठे पोचेल ह्या हिशेबाने ठरलेली आहे. आवलीची म्हैस ही त्या घरातील एक व्यक्तीच आहे. ‘अमृतमंथन’ची चंडिका बांधणाऱ्या कलावंताने येथे विठ्ठलाचे देऊळ लहान ठेवले आहे, देव आणि भक्त ह्यांच्या उंचीत फारसा फरक नाही. त्यामुळे मुलाच्या दुखण्याने संतापलेली आवली त्याला फरफटत देवळात आणते व हातात पायतण घेऊन देवाला जाब विचारते, तेव्हा तो प्रसंग देवनिंदेचा न होता शेजाऱ्याशी होणाऱ्या भांडणासारखा घरगुती वाटतो. उंच गाभारा आणि भव्य मूर्ती असती, तर हाच प्रसंग नाटकी झाला असता. अभिनेत्रीच्या श्रेयातून काही कमी न करता असे म्हणता येईल, की ह्या प्रसंगाचे अर्धे यश देवळाच्या मापात आहे.

कॅमेऱ्याची मांडणीही अशीच साधी आहे. तुकाराम भजन करीत समोर बसलेले, पाठीमागे विठ्ठल, भोवती गावकरी; दृश्य पुष्कळदा सरळ समोरून घेतलेले. शांताराम ह्यांच्या चित्रपटांत कॅमेरा कोन शोधतो, वस्तूंना प्रतीकांचे काम लावतो. ‘कुंकू’तील (१९३७) घड्याळ हे त्याचे सर्वपरिचित उदाहरण, आणि त्या घराचा देखावाही फत्तेलाल ह्यांचाच होता. दामले-फत्तेलाल ह्यांच्या स्वतःच्या चित्रपटात मात्र वस्तू वस्तूच राहतात. कलासमीक्षक गीता कपूर ह्यांनी ‘संत तुकाराम’मधील ह्या संमुख मांडणीचा संबंध भारतीय प्रतिमापरंपरेशी जोडून दाखविला आहे, आणि दिग्दर्शक कुमार शहानी ह्यांनीही प्रभातच्या संतपटांवर आस्थेने लिहिले आहे. ह्या विवेचनांत एका साध्या गोष्टीची भर घालता येईल. दर्शन घेणारा माणूस देवाच्या समोर उभा राहतो. कोपऱ्यातून पाहत नाही. नाटकाचे पडदे रंगवून आयुष्याची सुरुवात करणाऱ्या कारागिराला समोरासमोरची मांडणी हा मागासलेपणा वाटला नाही. पडदा त्याने टाकून दिला होता. समोरून पाहण्यातील आदर मात्र टाकला नव्हता.

चमत्कारांच्या बाबतीत हे अधिक स्पष्ट होते. शिवाजी महाराजांना शत्रूने घेरले असता कीर्तनाला बसलेल्या समुदायातून अनेक शिवाजी प्रकटतात; बुडविलेली गाथा घेऊन इंद्रायणी वर येते; अखेरीस गरुडाकृती विमान तुकारामांना वैकुंठास नेते. ह्यांतील विमान आजच्या प्रेक्षकाला जत्रेतील चित्रासारखे वाटेल, आणि ती टीका अगदीच गैर नाही. पण त्या विमानाकडे पाहताना त्याच्या अलीकडचा प्रसंग विसरता कामा नये. तुकाराम आवलीला वैकुंठाला येण्याचे आवतण देतात आणि तिला त्यात थट्टा वाटते. तिचा जीव संसारात, रांधण्या-वाढण्यात गुंतलेला असतो. नवरा आकाशात जातो व ती खाली पाहत राहते. चमत्कार खरा मानला, तरी घर रिकामे झाले हेही तितकेच खरे. दिग्दर्शकांनी भक्तीच्या बाजूने चित्रपट केला, पण आवलीला खोटे ठरविले नाही. स्वर्गाच्या देखाव्यापेक्षा स्वयंपाकघराच्या देखाव्यावर त्यांनी अधिक मेहनत घेतली, ह्यातच त्यांचा कौल दिसतो. चित्रपटासाठी आठवले ह्यांनी रचलेले एक पद तर इतके एकजीव झाले, की अनेकांनी ते तुकारामांचाच अभंग मानले. भिंती, आवाज आणि शब्द ह्या तिन्ही बाबतींत हीच एकजीवता साधली आहे.

१९३७ च्या व्हेनिस येथील आंतरराष्ट्रीय चित्रपटमहोत्सवात ‘संत तुकाराम’चा खास गौरव झाला. भारतीय चित्रपटाला परदेशात मिळालेल्या पहिल्या मोठ्या मानांपैकी तो होय. वारकरी संतावरील हा चित्रपट घडविणाऱ्या दोघांपैकी एक मुसलमान होता, ह्याचा उल्लेख पुढे वारंवार कौतुकाने केला गेला. कोल्हापूरच्या त्या कारखान्यात वाढलेल्या माणसांना मात्र त्यात नवल वाटण्याचे कारण नसावे; विठ्ठलाची मूर्ती नीट घडणे हा तेथे आधी हाताच्या इमानाचा प्रश्न होता.

ह्याच १९३६ साली इंग्लंडमध्ये ‘थिंग्ज टु कम’ हा चित्रपट प्रदर्शित झाला, हा योगायोग लक्षणीय आहे. त्याचे दिग्दर्शक विल्यम कॅमेरॉन मेंझिस (१८९६–१९५७) हेही मूळचे कलादिग्दर्शक. कलादिग्दर्शनाचे पहिले ऑस्कर पारितोषिक त्यांनाच मिळाले होते, आणि पुढे ‘गॉन विथ द विंड’च्या (१९३९) कामामुळे चित्रपटाच्या संपूर्ण दृश्यरूपाची जबाबदारी वाहणारा ‘प्रॉडक्शन डिझायनर’ हे पदच त्यांच्यामुळे प्रतिष्ठित झाले. ‘थिंग्ज टु कम’मधील भविष्यकालीन नगर आजही थक्क करते, परंतु त्या नगरातील माणसे निर्जीव वाटतात, असा आक्षेप त्यावर सातत्याने घेतला गेला आहे. देखावा हीच ज्याची भाषा, तो दिग्दर्शक झाला म्हणजे देखावा माणसांना गिळतो, ह्या समजुतीला मेंझिस ह्यांच्या उदाहरणाने बळ मिळाले. फत्तेलाल ह्यांचे उदाहरण नेमके उलट आहे. दुसऱ्याच्या चित्रपटासाठी त्यांनी भव्य देवळे बांधली आणि स्वतःच्या चित्रपटात मात्र देखाव्याला दोन पावले मागे सरकवले. साधनांचा आणि विषयांचा फरक लक्षात घेता ही तुलना फार ताणू नये, हे खरे.

पुढील चित्रपटांत ह्या संयमाची पातळी सारखी राहिली नाही. ‘गोपालकृष्ण’ (१९३८) हा प्रभातच्या पहिल्या मूकपटाचा बोलका अवतार. राम मराठे कृष्ण व शांता आपटे राधा. गोकुळातील गोपाळांचे खेळ, गुरे व दूध-लोणी ह्यांचे चित्रण जिवंत आहे आणि राजसत्तेविरुद्ध उभ्या राहणाऱ्या गवळ्यांच्या कथेला त्या काळच्या प्रेक्षकाने लावलेला अर्थही उघड होता. ‘संत ज्ञानेश्वर’मध्ये (१९४०) शाहू मोडक ह्यांची मुख्य भूमिका होती. रेड्यामुखी वेद आणि चांगदेवाच्या भेटीस निघालेली भिंत हे चमत्कार त्यात यांत्रिक कौशल्याने दाखविले असून चित्रपटास मोठी लोकप्रियता लाभली. तथापि ‘संत तुकाराम’मध्ये चमत्कार हा घरगुती आयुष्यात शिरलेला पाहुणा होता, येथे तो यजमान झाला आहे. ज्ञानेश्वरांच्या शांत, तेजस्वी मूर्तीला उत्तर देणारी आवली ह्या चित्रपटात नाही, ही त्याची खरी उणीव. ‘संत सखू’ (१९४१) हा संतपट दामले-फत्तेलाल व राजा नेने ह्यांनी मिळून दिग्दर्शित केला. हंसा वाडकर ह्यांनी रंगविलेली सासुरवाशीण सखू आणि तिचे कष्टाचे घर ह्यांत देहूचा मातीचा वास पुन्हा एकदा येतो.

दिग्दर्शन चालू असतानाही कलाविभाग त्यांच्याकडेच होता, ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे. ‘कुंकू’, ‘माणूस’ (१९३९), ‘शेजारी’ (१९४१) ह्या शांताराम ह्यांच्या सामाजिक बोलपटांचे देखावे त्यांच्याच देखरेखीखाली झाले. जगभर मान मिळविलेला दिग्दर्शक दुसऱ्या दिवशी सहकाऱ्याच्या चित्रपटासाठी चाळीतील खोली किंवा पोलिसाचे घर उभारावयास जातो, हे दृश्य आजच्या व्यवसायात कल्पनेबाहेरचे आहे. भागीदारीची ती संस्था होती म्हणून हे शक्य झाले. पण त्यात स्वभावाचाही वाटा होता.

ही भागीदारी पुढे टिकली नाही. धायबर आधीच गेले होते. शांताराम ह्यांनी प्रभात सोडून १९४२ मध्ये मुंबईस ‘राजकमल कलामंदिर’ स्थापन केले. ‘रामशास्त्री’ (१९४४) हा प्रभातचा शेवटचा मोठा चित्रपट. त्याचे दिग्दर्शन हातोहात फिरत अखेर गजानन जागीरदार ह्यांच्याकडे आले, तरी पेशवाईतील वाडे व दरबार ह्यांच्या उभारणीत संस्थेची जुनी तालीम दिसते. ५ जुलै १९४५ रोजी दामले ह्यांचे निधन झाले. त्यानंतर फत्तेलाल ह्यांच्या दिग्दर्शनाचा ओघ जवळजवळ थांबला. जोडीतील एकाच्या मृत्यूने दुसऱ्याची कला अबोल झाली असे म्हणणे काव्यमय होईल. प्रत्यक्षात संस्थाच मोडकळीस आली होती, युद्धोत्तर काळात स्टुडिओपद्धतीचा पाया ढासळला होता आणि पगारी कारागिरांचा मोठा ताफा बाळगून गावे उभारणे कोणालाच परवडेनासे झाले होते. १९५०–६० ह्या दशकाच्या आरंभी प्रभातचे काम बंद पडले. फत्तेलाल ह्यांनी एकट्याच्या नावावर दिग्दर्शित केलेला ‘जगद्गुरू शंकराचार्य’ हा चित्रपट १९५५ मध्ये आला. त्यास पूर्वीचे यश मिळाले नाही.

चित्रकाराने किंवा देखावे बांधणाऱ्याने दिग्दर्शनाकडे वळण्याचे प्रकार पुढेही घडले. बिमल रॉय ह्यांचे कलादिग्दर्शक सुधेंदू रॉय ह्यांनी ‘सौदागर’ (१९७३) दिग्दर्शित केला व त्यातही ग्रामीण घराची, चुलीची आणि कष्टकरी बाईच्या हाताची तशीच समज आढळते. परंतु कारागिरांच्या भागीदारीतून दिग्दर्शक निपजण्याची कोल्हापुरी पद्धत प्रभातबरोबरच लोप पावली.

प्रभातच्या पुण्यातील आवारात १९६० मध्ये केंद्र सरकारने फिल्म इन्स्टिट्यूट सुरू केली. ज्या जागेत देहू उभारले व मोडले गेले, तेथेच कलादिग्दर्शनाचे रीतसर शिक्षण पुढे सुरू झाले. फत्तेलाल ह्यांनी ती संस्था सुरू झालेली पाहिली. १९६४ मध्ये ते निवर्तले. त्यांनी बांधलेल्या वास्तूंपैकी एकही अर्थातच शिल्लक नाही, कारण त्या शिल्लक राहाव्यात म्हणून बांधलेल्याच नव्हत्या. त्यांची छाया तेवढी नायट्रेट फिल्मवर उरली होती, आणि तिचाही मोठा भाग ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यातील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या कोठारास लागलेल्या आगीत भस्मसात झाला. ‘संत तुकाराम’ सुदैवाने प्रतींच्या रूपाने टिकून आहे. त्यातील मातीच्या भिंतींवर, दाराच्या उजव्या-डाव्या बाजूंना, हात टेकून टेकून पडलेले काळसर डाग नीट पाहिले असता आजही दिसतात.